आधी आभार, मग काळजी



संत लूकच्या शुभवर्तमानाच्या १९ व्या अध्यायातील जक्कयाची गोष्ट आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. यरीहो शहरातला हा श्रीमंत जकातदार ठेंगणा होता. गर्दीत त्याला येशू दिसेना, म्हणून तो पुढे धावत गेला आणि उंबराच्या झाडावर चढून बसला. धर्मशिक्षणाच्या वर्गात मुले ही गोष्ट मोठ्या हौसेने करून दाखवतात आणि आपण कौतुकाने हसतो. पण या गोष्टीतली एक बाब सहसा आपल्या ध्यानात येत नाही. प्रभू त्या झाडाखाली थांबला, त्याने वर पाहिले आणि जक्कयाला त्याच्या नावाने हाक मारली. त्याच्या उंचीबद्दल प्रभू एक शब्दही बोलला नाही.

प्रभू जक्कयाच्या घरी उतरला. जक्कयाने आपले अर्धे धन गोरगरिबांना देण्याचे आणि ज्यांना फसवले त्यांना चौपट परत करण्याचे वचन दिले. त्याचे सारे जीवन बदलले. उंची मात्र तेवढीच राहिली! सकाळी जेवढा ठेंगणा होता तेवढाच तो संध्याकाळीही होता. तारणाला त्याच्या ठेंगणेपणाची अडचण झाली नाही.

प्रभूने काय बदलले आणि काय तसेच ठेवले, हे नीट पाहिले तर आपल्या शरीराकडे कसे पाहावे याचा धडा आपल्याला मिळतो. आज आपण त्यावर मनन करू या.

आपण एकमेकांच्या शरीराबद्दल कसे बोलतो?

आपल्या घरांत कोणी 'ढोल्या' असतो, कोणी 'काडी', कोणी 'काळी', कोणी 'बुटकी'. ही नावे आपण प्रेमाने ठेवतो, थट्टेत वापरतो. मिस्सा संपल्यावर चर्चच्या आवारात बऱ्याच दिवसांनी कोणी भेटले की पहिले वाक्य असते, "अगं, किती जाड झालीस!" किंवा "काय रे, आजारी होतास का? अगदीच वाळलास." बोलणारा विसरून जातो, ऐकणारा विसरत नाही.

मुलगी पाहायला पाहुणे येतात, चहा-पोहे घेतात, हसून-बोलून निघतात. चार दिवसांनी निरोप येतो की, मुलगी चांगली आहे, पण रंगाने जरा सावळी आहे. निरोपातले हे अर्धे वाक्य त्या मुलीच्या मनात कितीतरी वर्षे राहते. मग ती गोरेपणाची क्रीम आणते. पाऱ्याचा अंश असलेल्या अशा क्रीममुळे मूत्रपिंडे बिघडल्याचे रुग्ण आपल्याच विदर्भात, अकोल्यात आणि तिकडे केरळातही डॉक्टरांनी अलीकडच्या काळात नोंदवले आहेत. गोरे करण्याचे वचन नावातच देणाऱ्या एका प्रसिद्ध क्रीमच्या कंपनीने २०२० साली नावातला 'फेअर' हा शब्द काढून टाकला. क्रीमच्या डबीवरचे नाव बदलले. आपल्या बोलण्यातला शब्द आपण कधी काढणार? पवित्र शास्त्रातील गीतरत्न या पुस्तकात वधू पहिल्याच अध्यायात आपला सावळा रंग आणि आपले सौंदर्य एका दमात सांगते. तिला त्यात कोणताच विरोध दिसत नाही.

दुसरी एखादी मुलगी जाड म्हणून हिणवली जाते आणि जेवण सोडते. सकाळी चहा, दुपारी काही नाही, संध्याकाळी चक्कर. तिसरा एखादा मुलगा हाडकुळा म्हणून चिडवला जातो आणि कोणाच्या तरी सांगण्यावरून डब्यातली पावडर व इंजेक्शने घेऊ लागतो. या तिघांनाही आरोग्य हवे आहे असे आपल्याला वाटते. खरे तर त्यांना आपल्या शरीरापासून सुटका हवी आहे. आणि ज्याचा आपण राग करतो त्याची काळजी आपल्या हातून कधीच नीट होत नाही. रागाने रोपटे उपटले जाते, वाढत नाही.

पवित्र सभा काय शिकवते?

शरीर हे पापाचे घर आणि आत्मा तेवढा पवित्र, अशी समजूत आपल्यापैकी कित्येकांची असते. ही ख्रिस्ती शिकवण नव्हे. उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायात देवाने मनुष्य घडवला आणि आपली सारी निर्मिती पाहून ती फार चांगली असल्याचे म्हटले. देवाचा पुत्र मरियेच्या उदरी देहधारी झाला. त्याला भूक लागली, तो थकला, नावेत उशीवर डोके टेकून झोपी गेला. आपण प्रत्येक मिस्सामध्ये त्याच्या शरीराचा स्वीकार करतो आणि विश्वासांगीकारात शरीराच्या पुनरुत्थानावरील आपली श्रद्धा प्रकट करतो. शरीराला इतका मान देणारा धर्म आपल्याला लाभला असता आपण आरशासमोर उभे राहून स्वतःची निंदा करावी, हे कसे?

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली 'गाऊदियुम एत स्पेस' या दस्तऐवजात हे स्पष्ट सांगितले. माणसाने आपल्या शारीरिक जीवनाला तुच्छ लेखू नये; देवाने ते निर्माण केले आहे आणि शेवटच्या दिवशी तो ते उठवणार आहे, असा त्याच्या १४ व्या परिच्छेदाचा आशय आहे. संत पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९७९ ते १९८४ या काळात बुधवारच्या भेटींमध्ये शरीराच्या ईश्वरी अर्थावर शंभराहून अधिक प्रवचने दिली. कॅथोलिक धर्मशिक्षण ग्रंथातही या विषयावर दोन परिच्छेद लागोपाठ येतात. २२८८ व्या परिच्छेदात म्हटले आहे की, जीवन आणि आरोग्य ही देवाने सोपवलेली मोलाची दाने आहेत, त्यांची योग्य काळजी घ्यावी. लगेच २२८९ व्या परिच्छेदात इशारा आहे की, शरीराची पूजा मांडू नये, शारीरिक परिपूर्णतेसाठी सर्व काही पणाला लावू नये. म्हणजे शरीराचा तिरस्कार करणे ही एक चूक आणि शरीराला देव मानणे ही दुसरी. दोन्हींमध्ये शरीर हे दान आहे हे आपण विसरलेले असतो.

संतांनाही हे शिकावे लागले. लोयोलाचे संत इग्नेशियस १५२२ साली मानरेसा गावी राहत असता त्यांनी अतिशय कठोर उपवास केले आणि त्यात त्यांची प्रकृती कायमची ढासळली. पुढे १५४८ साली फ्रान्सिस बोर्जा, जे नंतर संत झाले, तेही शरीराला असेच छळू लागले. तेव्हा इग्नेशियस यांनी त्यांना पत्र लिहून उपवास कमी करण्यास, नीट जेवण्यास आणि शरीर सशक्त ठेवण्यास सांगितले. आत्मा आणि शरीर ही दोन्ही देवाची आहेत आणि दोहोंचा हिशेब त्याला द्यायचा आहे, हे त्यांनी दिलेले कारण होते.

आरसा आरोग्य सांगत नाही

येथे कोणी विचारील, "म्हणजे जसे आहोत तसेच राहायचे का? शुगर वाढली, बी.पी. वाढले, तरी स्वीकारच करायचा?" प्रश्न योग्य आहे. त्याचे उत्तर आपल्या महाराष्ट्रातच झालेल्या एका मोठ्या अभ्यासातून मिळते.

पुण्याच्या के.ई.एम. रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ साली पुण्याजवळच्या सहा गावांत गरोदर मातांचा आणि त्यांच्या बाळांचा अभ्यास सुरू केला. तिथल्या बाळांचे जन्माच्या वेळचे सरासरी वजन सुमारे २.७ किलो होते, तर इंग्लंडमधील साऊथहॅम्प्टनच्या बाळांचे ३.५ किलो. आपली बाळे लहानखुरी. पण त्यांच्या अंगात स्नायू कमी आणि त्या मानाने चरबी बरीच होती. २००४ साली डॉ. याज्ञिक यांनी आपला आणि आपले इंग्रज सहकारी डॉ. जॉन युडकिन यांचा एकत्र फोटो 'द लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात छापला. दिसायला दोघेही सडपातळ. उंचीच्या मानाने वजनाचा आकडा दोघांचा अगदी एकच, २२.३. पण तपासणीत शरीरातील चरबी डॉ. युडकिन यांची ९.१ टक्के निघाली आणि डॉ. याज्ञिक यांची २१.२ टक्के!

याचा अर्थ आपल्यासाठी मोठा आहे. बारीक दिसणारा माणूस निरोगीच असेल असे नाही, आणि अंगाने भरलेली बाई आजारीच असेल असेही नाही. देशात दहा कोटींहून अधिक लोकांना मधुमेह असल्याचे २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय पाहणीत आढळले. त्यात बारीक माणसेही आहेत. म्हणून आरशाला आणि शेजारणीच्या शेऱ्याला विचारून आरोग्य कळत नाही. ते रक्ताच्या तपासणीतून, बी.पी.च्या मोजणीतून आणि कमरेला लावलेल्या साध्या टेपमधून कळते. आपल्याकडे पुरुषांची कंबर ९० सेंटीमीटरच्या आणि स्त्रियांची ८० सेंटीमीटरच्या आत असावी असे डॉक्टर सांगतात. हे आकडे कोणाला हिणवण्यासाठी नाहीत. शेतकरी पाऊस मोजतो तो पावसावर रागावण्यासाठी नव्हे, पुढची तयारी करण्यासाठी.

जक्कयाप्रमाणे आपणही दोन गोष्टी वेगळ्या करू या. उंची, रंग, अंगाची ठेवण, आईवडिलांकडून आलेले आजार, वाढते वय हे आपले आहे. ते देवापुढे स्वीकारावयाचे. आपले ताट, आपली झोप, आपले चालणे, आपली व्यसने ही आपल्या हातात आहेत, ती बदलावयाची. आपली गल्लत अशी होते की जे बदलता येत नाही त्यासाठी आपण रडतो आणि जे बदलता येते ते नशिबावर सोडतो.

आपल्या जिल्ह्यात पाहिले तर

भंडारा हा तलावांचा आणि धानाचा जिल्हा. पावसाळ्यात रोवणी सुरू झाली की आपल्या माता-भगिनी सकाळपासून संध्याकाळपर्यंत बांधीच्या चिखलात वाकून असतात. संध्याकाळी कंबर ताठ होत नाही. मग दुकानातून वेदनाशामक गोळी आणायची, गिळायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा बांधीत. अशा गोळ्या रोज घेतल्याने पोटाला आणि मूत्रपिंडांना इजा होते. या शरीराने साऱ्या घराला भात खाऊ घातला. त्याचे आभार कोणी मानले?

आणि घरात शेवटी जेवते कोण? तीच. सर्वांचे झाल्यावर उरलेला भात आणि पातळ वरण तिच्या वाट्याला येते. याईराच्या मुलीला प्रभूने मरणातून उठवले तेव्हा सारे थक्क होऊन उभे राहिले. एवढा मोठा चमत्कार झाल्यावर प्रभूने काय सांगितले? संत मार्क पाचव्या अध्यायाच्या शेवटी नमूद करतो की, मुलीला काहीतरी खायला द्यायला सांगितले. आईवडिलांच्या ध्यानात न आलेली मुलीची भूक प्रभूच्या ध्यानात होती. तसेच एलीया संदेष्टा रानात निराश होऊन मरण मागू लागला, तेव्हा देवाच्या दूताने त्याला उपदेश केला नाही. त्याला उठवून भाकर आणि पाणी दिले, पुन्हा झोपू दिले आणि पुन्हा खाऊ घातले. देव आपल्या भुकेची आणि थकव्याची अशी काळजी घेतो.

आपल्या ताटात भात असणारच. चिन्नोरचा सुवास आला की कोणाला नको वाटतो? भाताचा राग करायचे कारण नाही. पण भाताचा ढीग आणि वरणाचा चमचा हे प्रमाण बदलता येते. आपल्या तलावांतले मासे व शिंगाडे, परसातली अंबाडी आणि वालाच्या शेंगा, जवसाची चटणी, घरची अंडी हे आपल्या मातीतले अन्न महाग डब्यांपेक्षा कमी प्रतीचे नाही. ज्यांना शुगर आहे त्यांनी डॉक्टरांना विचारून भाताचे प्रमाण ठरवावे. शेतात राबणाऱ्यांना विश्रांती हवी, तर दुकानात किंवा कार्यालयात बसणाऱ्यांना चालणे हवे. आठवड्यातून १५० मिनिटे झपाट्याने चालावे असे जागतिक आरोग्य संघटना सांगते; दिवसाला अर्धा तास, आठवड्याचे पाच दिवस.

येथे खर्ऱ्याविषयीही बोलायला हवे. सुपारी, तंबाखू आणि चुना प्लास्टिकच्या पन्नीत घोटून दिवसभर तोंडात ठेवायचा, ही आपल्या भागातली सवय. राज्यात २०१२ साली गुटख्यावर बंदी आली, पण खर्रा पानठेल्यावरून गेला नाही. आधी तिखट खाताना तोंड भाजते, मग तोंड पुरते उघडत नाही, आणि पुढे काय होते ते आपण आपल्या कबरस्तानात पाहिले आहे. संत पौल करिंथकरांस लिहितो की, आपले शरीर हे पवित्र आत्म्याचे मंदिर आहे आणि ते मोल देऊन विकत घेतलेले आहे. चर्चमध्ये येताना पायातली चप्पल जपून बाहेर काढणारे आपण या मंदिराच्या दारात मात्र काय ठेवतो?

जे शरीर दुखते त्याचा स्वीकार

सर्वांत कठीण स्वीकार हा सिकलसेलचा आहे. विदर्भात हा आजार अनेक कुटुंबांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. यात रक्तातील तांबड्या पेशींचा आकार विळ्यासारखा होतो, त्या बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात आणि अंगात असह्य कळा येतात. आई आणि वडील दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला आजार होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५० टक्के आणि पूर्ण मुक्त असण्याची २५ टक्के असते. वाहक व्यक्ती बहुधा निरोगी आयुष्य जगते. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून सिकलसेल निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम सुरू झाली. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातही या आजाराचा समावेश आहे.

पण कागदावरचा कायदा घरातली लाज घालवत नाही. रिपोर्ट ट्रंकेत लपवला जातो. मुलीच्या लग्नात अडचण नको म्हणून तपासणीच टाळली जाते. दुखणे आले तर 'नाटक करते' म्हणतात, आळशी म्हणतात, कोणाची तरी बाधा झाली म्हणतात. बंधू-भगिनींनो, हा आजार कोणाच्या पापाचे फळ नाही. तो लपवल्याने जात नाही. लपवल्याने फक्त उपचार उशिरा मिळतो. ज्याने तो स्वीकारला, तो भरपूर पाणी पितो, थंडीत अंग जपतो, ताप आला की लगेच दवाखाना गाठतो, डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या नेमाने घेतो. स्वीकार हीच येथे उपचाराची पहिली पायरी आहे. लग्न ठरवण्याआधी मुलगा आणि मुलगी दोघांनीही तपासणी करून घ्यावी आणि एकमेकांना खरे सांगावे. खरे सांगणाऱ्याला आपण सर्वांनी मान द्यावा.

संत पौलाच्या शरीरातही एक काटा होता. तो निघावा म्हणून त्याने तीनदा विनंती केली. काटा निघाला नाही, कृपा मिळाली. आणि पुनरुत्थित प्रभू शिष्यांना भेटला तेव्हा त्याच्या गौरवी शरीरावरही खिळ्यांच्या खुणा तशाच होत्या. त्या खुणांवरून तर थोमाने त्याला ओळखले.

उपवास आणि उपासमार

प्रायश्चित्तकाळात आपण उपवास करतो, तेव्हा एक गोष्ट लक्षात ठेवू या. ख्रिस्ती उपवास प्रीतीसाठी असतो. वाचलेला घास भुकेल्याच्या ताटात जातो. आरशाच्या भीतीने केलेली उपासमार स्वतःभोवतीच फिरत राहते. पवित्र सभेने राखेचा बुधवार आणि शुभ शुक्रवार हे दोन दिवस उपवासाचे ठरवले आहेत, आणि तेही १८ ते ५९ वर्षांच्या व्यक्तींसाठी. आजारी माणसे आणि गरोदर माता यांच्यावर उपवासाचे बंधन नाही. मधुमेहाचे किंवा सिकलसेलचे रुग्ण डॉक्टरांचे ऐकून जेवले, तर त्यात पाप नाही. ते आज्ञापालनच आहे.

या आठवड्यात काय करू या?

पहिले, सकाळी उठल्यावर क्रुसाची खूण करताना कपाळ, छाती आणि खांदे यांना हात लावतो, तेव्हा त्या शरीरासाठी देवाचे आभार मानू या. दुसरे, एक आठवडाभर कोणाच्याही अंगावरून, रंगावरून किंवा उंचीवरून बोलायचे नाही, चर्चच्या आवारात भेटल्यावर "कसे आहात?" एवढेच विचारू या. तिसरे, घरातल्या सर्वांनी दिवसातून एकदा तरी एकत्र बसून जेवावे आणि आईचे ताट आधी वाढावे. चौथे, ज्यांची शुगर, बी.पी. किंवा सिकलसेलची तपासणी राहिली आहे त्यांनी जवळच्या सरकारी आरोग्य केंद्रात जाऊन ती करून घ्यावी. पाचवे, खर्रा सोडू पाहणाऱ्याला हसू नये. त्याच्यासाठी घरातल्या रोजच्या रोझरीत एक गूढ अर्पण करावे.

आपण प्रार्थना करू या :

हे प्रेमळ पित्या, तू आम्हाला मातेच्या उदरी घडवले. आमची उंची, आमचा रंग, आमची दुखणी तुला ठाऊक आहेत आणि तरीही तू आम्हाला नावाने हाक मारतोस. आम्ही स्वतःच्या आणि दुसऱ्याच्या शरीराची जी निंदा केली तिची आम्हाला क्षमा कर. जे बदलता येत नाही ते तुझ्या हातून आनंदाने घेण्याची आणि जे बदलले पाहिजे ते आजच बदलण्याची कृपा आम्हाला दे. आमच्या धर्मग्रामातील आजारी, वृद्ध आणि थकलेल्या सर्वांना तुझा स्पर्श होऊ दे. ही प्रार्थना आम्ही देहधारी झालेल्या तुझ्या पुत्राच्या, आमचा प्रभू येशू ख्रिस्त याच्या नावाने करतो.

आमेन.